रूपांतर ही अमानत आहे

मुलांसाठी परभाषेतल्या कादंबरीचे रूपांतर करताना काय ठेवावे आणि काय गाळावे, हा प्रश्न वरवर लेखनतंत्राचा वाटतो. मुळात तो नीतीचा प्रश्न आहे.

फ्रेंच लेखक ज्यूल व्हर्न याला मराठी मुलांच्या घरात आणले ते भा. रा. भागवतांनी. 'नॉटिलस' पाणबुडी आणि तिचा कप्तान नेमो आपल्यापैकी अनेकांच्या ओळखीचे आहेत. पण नेमो भारतीय होता, हे किती जणांना ठाऊक आहे? १८७४-७५ मध्ये क्रमशः आलेल्या 'रहस्यमय बेट' या कादंबरीत व्हर्नने ते उघड केले. नेमो म्हणजे बुंदेलखंडचा राजपुत्र डक्कर, टिपू सुलतानचा भाचा आणि १८५७ च्या उठावातला एक लढवय्या. इतिहासात हे नाते बसत नाही, टिपू तर १७९९ मध्येच श्रीरंगपट्टणला शहीद झाला होता. तरी लेखकाची सहानुभूती कोणाकडे होती, ते स्पष्ट आहे.

या सहानुभूतीचे पुढे काय झाले? १८७५ मध्ये किंग्स्टन यांच्या नावाने आलेल्या इंग्रजी अनुवादात नेमकी हीच पाने बदलली गेली. इंग्रजी जोखडाच्या जाचाची वाक्ये गेली. महत्त्वाकांक्षी राजांनी रयतेला चिथावले, अशी वाक्ये त्यांच्या जागी आली. आपल्याकडची बरीच रूपांतरे इंग्रजीवरूनच होतात. म्हणजे आपल्याच उठावाची हकिकत राज्यकर्त्यांच्या शाईतून आपल्या मुलांपर्यंत पोहोचण्याचा धोका असतो.

दोष केवळ इंग्रजांचा नाही. व्हर्नच्या मनात आधी नेमो हा रशियाच्या झारविरुद्ध लढणारा पोलिश सरदार होता. त्याचा प्रकाशक हेत्झेल मुलांसाठी नियतकालिक चालवत असे. रशियातला वाचक दुखावू नये म्हणून त्याने ते मानले नाही. परिणामी १८६९-७० मधल्या पहिल्या कादंबरीत नेमोला देशच उरला नाही.

आता आपल्याकडे पाहू. उर्दू माध्यमाच्या वर्गात मी शिकवतो. टिपूचे नाव निघताच मुलांचे डोळे चमकतात. अशा वेळी शिक्षकाला एक मोह होतो: नेमोला निष्कलंक गाझी करून टाकावे. पण त्याच पहिल्या कादंबरीत नेमो एक युद्धनौका सगळ्या खलाशांसह बुडवतो आणि मग पत्नी-मुलांच्या तसबिरीपुढे गुडघे टेकून हुंदके देतो. हा प्रसंग मुलांना झेपणार नाही, असे म्हणून आपण तो गाळला तर किंग्स्टनच्या अनुवादात आणि आपल्यात फरक काय राहिला? तिथे नेमोवरचा जुलूम झाकला गेला, आपण त्याचा गुन्हा झाकू.

लांबलचक वर्णने, माशांच्या याद्या, यंत्रांची मापे खुशाल कमी करावीत. त्याने कथेला इजा होत नाही. पण ज्या प्रसंगात मूल स्वतः न्यायाधीश होते, तो प्रसंग आपला नसतो. तो लेखकाने आपल्या हाती सोपवलेली अमानत असते, आणि अमानतीत खयानत करू नये, हे आपण मुलांना पहिल्या इयत्तेपासून शिकवतो.

मरणाच्या दारात नेमो बेटावरच्या माणसांना आपली कहाणी सांगतो आणि विचारतो, मी चुकलो की बरोबर होतो? बारा वर्षांच्या मुलालाही या प्रश्नाचे उत्तर शोधता येते. फक्त दोन्ही बाजू त्याच्यापर्यंत पोहोचल्या पाहिजेत.