कुसळ आणि मुसळ

शास्त्रवाचन : आमोस, अध्याय १ व २, मत्तय ७:१-५



डोंगरावरील प्रवचनातील हा दृष्टांत मराठीत आणताना ज्यांनी ‘कुसळ’ आणि ‘मुसळ’ हे शब्द योजले, त्यांचे आपल्यावर उपकार आहेत. मूळ शब्द काडी आणि तुळई असे आहेत. परंतु गवताचे कुसळ आणि कांडणाचे मुसळ म्हटले की आपल्या घरातल्या लेकरालाही प्रभूच्या बोलण्यातील विनोद आणि त्यातील धार दोन्ही कळतात.

हा उतारा आपण बहुधा घरापुरता वाचतो. शेजारी, भाऊबंद, सासू-सून यांना तो लावतो, आणि तो तेथे लागूही पडतो. पण राष्ट्रांचे काय? राष्ट्रालाही डोळा असतो काय, आणि त्यातील मुसळाचा हिशेब देव घेतो काय? वर्तमानपत्रातील परदेशच्या बातम्या वाचताना ख्रिस्ती मनुष्याने हा प्रश्न बाजूला ठेवू नये.

या प्रश्नाचे उत्तर आमोस संदेष्ट्याने दिले आहे. ख्रिस्तपूर्व आठव्या शतकातला तकोवाचा हा मेंढपाळ, उंबराच्या झाडांची निगा राखणारा, यहूदातून उत्तरेच्या राज्यात गेला आणि बेथेल येथे राजाच्या पवित्रस्थानी उभा राहून बोलू लागला. त्याने आरंभ केला तो परराष्ट्रांपासून. दिमिष्काने गिलादाला लोखंडी आऊतांनी मळून काढले. गज्जाने लोकांच्या लोक पकडून अदोमाला विकले. सोराने भाऊबंदकीचा करार विसरून तेच केले. अदोमाने आपल्याच भावावर तलवार चालवली. अम्मोनाने आपली सरहद्द वाढावी म्हणून गरोदर स्त्रियांनाही सोडले नाही. ऐकणारे माना डोलवीत असतील, कारण ही सारी राष्ट्रे त्यांच्या शत्रूंचीच. मग मवाबाची पाळी आली. त्याचा अपराध काय? त्याने अदोमाच्या राजाची हाडे जाळली. यात इस्राएलाचे काहीच बिघडले नव्हते. एका शत्रूने दुसऱ्या शत्रूची केलेली ती विटंबना होती. तरी देवाने तिची नोंद ठेवली. ज्या अन्यायाशी आपला संबंध नाही असे आपण म्हणतो, त्याच्याशीही देवाचा संबंध आहे.

त्यानंतर संदेष्ट्याचे बोट यहूदाकडे वळले आणि शेवटी थेट श्रोत्यांवर आले. इस्राएलाने नीतिमानाला रुप्यासाठी आणि गरिबाला एका जोड्यासाठी विकले होते. आता माना डोलायच्या थांबल्या. अमस्या याजकाने राजाकडे चहाडी केली आणि आमोसाला सांगितले की, तुझ्या देशात जा आणि तेथेच पोट भर. दुसऱ्यांची पापे सांगितली तोवर तो संदेष्टा होता. आपली सांगितली तेव्हा तो परका झाला.

आता १९५६ सालच्या शरद ऋतूकडे वळू. जगातील मोठ्या सत्तांचा स्वभाव त्या दोन आठवड्यांत जितका उघडा पडला तितका क्वचितच पडला असेल.

२६ जुलै १९५६ रोजी इजिप्तचे अध्यक्ष नासर यांनी सुएझ कालवा कंपनीचे राष्ट्रीयीकरण केले. ऑक्टोबरच्या अखेरीस पॅरिसजवळील सेव्र येथे ब्रिटन, फ्रान्स व इस्राएल यांच्या प्रतिनिधींनी गुप्त बैठक घेतली आणि २४ तारखेला करारावर सह्या केल्या. ठरले ते असे : इस्राएलाने इजिप्तवर चढाई करायची; मग ब्रिटन व फ्रान्स यांनी भांडण सोडवणाऱ्याचा आव आणून दोघांनाही कालव्यापासून १० मैल मागे हटण्यास सांगायचे, आणि इजिप्तने नकार दिला की स्वतः हल्ला करायचा. तसेच घडले. २९ तारखेला इस्राएली सैन्य सिनायमध्ये शिरले आणि ३१ तारखेला ब्रिटिश विमानांनी बाँबफेक सुरू केली.

त्याच दिवसांत हंगेरीत काय चालले होते? २३ ऑक्टोबरला बुडापेस्टचे विद्यार्थी व कामगार रस्त्यावर आले. इम्रे नाज पंतप्रधान झाले. १ नोव्हेंबरला त्यांनी हंगेरी तटस्थ राहील आणि वॉर्सा करारातून बाहेर पडेल असे जाहीर केले. ४ नोव्हेंबरच्या पहाटे सोव्हिएत रणगाडे बुडापेस्टवर चालून आले. सुमारे अडीच हजार हंगेरियन माणसे मेली आणि सुमारे दोन लाख लोक देश सोडून पळाले. नाज यांनी युगोस्लाव्ह वकिलातीत आसरा घेतला. सुरक्षिततेचे वचन देऊन त्यांना बाहेर काढण्यात आले, पकडण्यात आले आणि १६ जून १९५८ रोजी फाशी देण्यात आली.

आता या दोन्ही बाजूंची वाणी ऐका. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत २ नोव्हेंबरला सुएझच्या चढाईविरुद्ध ठराव झाला, तेव्हा सोव्हिएत संघाने त्याच्या बाजूने मत दिले. ४ नोव्हेंबरला हंगेरीवरील चढाईविरुद्ध ठराव झाला, तेव्हा ब्रिटन व फ्रान्स यांनी त्याच्या बाजूने मत दिले. स्वतःच्या चढाईचा प्रश्न सुरक्षा समितीपुढे आला तेव्हा मात्र दोघांनीही नकाराधिकार वापरला. ५ तारखेला, बुडापेस्टवर रणगाडे घातल्याच्या दुसऱ्या दिवशी, सोव्हिएत पंतप्रधान बुल्गानिन यांनी ब्रिटनचे पंतप्रधान ईडन यांना अग्निबाणांची भीती घालणारे पत्र लिहून चढाईबद्दल सुनावले. त्याच दिवशी ब्रिटिश छत्रीधारी सैनिक पोर्ट सैदला उतरत होते. प्रत्येकाला दुसऱ्याच्या डोळ्यातील कुसळ दिसले. आणि खरे सांगायचे तर तेही कुसळ नव्हते, दोन्हीकडे मुसळेच होती.

पण पापाचे आणखी एक काम असते. ते दुसऱ्याच्या पापाला आडोसा देते. सोव्हिएत नेत्यांच्या त्या दिवसांतील बैठकांची टिपणे पुढे प्रसिद्ध झाली. त्यांवरून दिसते की, हंगेरीतून माघार घ्यायची नाही असे ठरवताना ख्रुश्चेव्ह यांनी इजिप्तचे उदाहरण पुढे केले : आपण सोडून गेलो तर विरोधकांना इजिप्तच्या जोडीला हंगेरीही मिळेल. सुएझ घडले नसते तर हंगेरी वाचलाच असता असे म्हणता येत नाही. परंतु ज्याचा स्वतःचा हात दुसऱ्याच्या मानेवर असतो, त्याच्या शब्दाला वजन उरत नाही, आणि त्याचे मोल तिसऱ्याच कोणाला द्यावे लागते.

अमेरिकेने सुएझप्रकरणी आपल्या मित्रांविरुद्ध उभे राहून पैशाच्या जोरावर ब्रिटनला माघार घ्यायला लावली. याचे श्रेय तिला दिले पाहिजे. परंतु १९५३ साली इराणात आणि १९५४ साली ग्वाटेमालात तिच्या गुप्तहेर खात्याने सरकारे उलथवण्यास हात दिला होता, हेही आता लपलेले नाही.

आणि आपला देश? भारताने इजिप्तवरील चढाईचा तत्काळ निषेध केला. हंगेरीच्या ४ नोव्हेंबरच्या ठरावावर मात्र तो तटस्थ राहिला. आणि सैन्य मागे घ्यावे व संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली निवडणुका व्हाव्यात, असा ठराव ९ तारखेला आला तेव्हा त्याने विरोधी मत दिले. परकीय देखरेखीचा पायंडा पडेल ही भीती त्यामागे होती. तरीही जयप्रकाश नारायण यांनी या मौनाबद्दल पंडित नेहरूंवर उघड टीका केली. पुढे नेहरूंची भाषा बदलली आणि हंगेरीतूनही परकीय सैन्य जावे असे त्यांनी म्हटले. म्हणजे मुसळ केवळ बलवानांच्याच डोळ्यात असते असे नाही.

मग कोणी म्हणेल, ‘सगळेच सारखे, आपण गप्प बसावे हे बरे.’ बंधूंनो, प्रभूने असे म्हटलेले नाही. पाचवे वचन नीट वाचा. आपल्या डोळ्यातील मुसळ आधी काढावे, म्हणजे भावाच्या डोळ्यातील कुसळ काढण्यास स्पष्ट दिसेल, असे तो सांगतो. भावाच्या डोळ्यातील कुसळ तसेच राहू द्यावे असे तो सांगत नाही. त्या काळीही असे करणारी माणसे होती. कँटरबरीचे आर्चबिशप जेफ्री फिशर यांनी लॉर्डांच्या सभागृहात आपल्याच सरकारला जाब विचारला. परराष्ट्र खात्याचे राज्यमंत्री ॲंथनी नटिंग यांनी राजीनामा दिला व आपली राजकीय कारकीर्द गमावली. ईडन यांनी डिसेंबरात पार्लमेंटला सांगितले की इस्राएलाच्या हल्ल्याची आधी माहिती नव्हती. सेव्रच्या कराराची ब्रिटिश प्रत त्यांनी नष्ट करवली होती, पण इस्राएलाकडची प्रत राहिली आणि पुढे उजेडात आली. झाकलेले उघड होते, हे प्रभूचे बोलणे परराष्ट्र खात्यांनाही लागू आहे.

आपल्या मंडळ्यांना यात एक वेगळीच अडचण आहे. ज्यांच्या देशांतून मिशनरी आले, शाळा-दवाखाने उभे राहिले, ती ‘ख्रिस्ती राष्ट्रे’ असे समजून आपल्यातील कित्येक जण त्यांच्या प्रत्येक कृतीची वकिली करतात. कोणी इस्राएल हे नाव ऐकताच प्रश्न मिटला असे मानतात. उलट काही जण, शेजारी आपल्याला परक्यांचे म्हणतील या भीतीने, आपल्या सरकारच्या कोणत्याही धोरणाविषयी प्रश्न विचारत नाहीत. सुवार्ता ज्यांच्याकडून मिळाली त्यांचे ऋण आपल्यावर आहे. त्यांच्या आरमाराचे ऋण आपल्यावर नाही. आमोस तर याहून पुढे जातो. देवाने तुम्हांलाच निवडले, म्हणूनच तुमच्याकडून जाब घेईल, असे तो तिसऱ्या अध्यायात म्हणतो. आणि नवव्या अध्यायात सांगतो की, जसे इस्राएलाला मिसरातून, तसेच पलिष्ट्यांना कफतोरातून व अराम्यांना कीरातून देवानेच आणले. निवड ही सूट नव्हे.

२० मार्च २००३ रोजी इराकवर चढाई झाली. २४ फेब्रुवारी २०२२ रोजी युक्रेनवर झाली. एकीला वाईट म्हणणाऱ्या कित्येकांनी दुसरीसाठी कारणे शोधली, आणि तेच उलटही झाले. आपण त्या वेळी कोणत्या बातमीने हळहळलो आणि कोणती पान उलटून टाकली, हे प्रत्येकाने आपल्या मनाला विचारावे.

शब्बाथ शाळेच्या शिक्षकांना एक विनंती. आमोसाचा पाठ घेताना फळ्यावर नकाशा काढा. मुलांकडून एकेका राष्ट्राचे नाव व अपराध लिहून घ्या आणि शेवटी मधली जागा मोकळी ठेवून विचारा, ‘येथे कोण?’ मुले उत्तर देतील. आणि पाळकांनी व वडिलांनी मध्यस्थीच्या प्रार्थनेत केवळ आपल्या आवडीच्या देशाचे नाव घेऊ नये. ज्यांच्यावर आपल्या मित्रांनी अन्याय केला त्यांचेही घ्यावे. पौलाने तीमथ्याला राजांसाठी व सर्व अधिकाऱ्यांसाठी प्रार्थना करावयास सांगितले, त्यात आपले आणि त्यांचे असा भेद केला नाही.

हीच सवय मंडळीच्या बैठकीतही न्यावी. तेथेही दोन गट असतात, आणि तेथेही आपल्या गटाची चूक लहान व दुसऱ्याची मोठी दिसते. जो तेथे आपल्या बाजूची चूक उभे राहून सांगू शकत नाही, त्याने मोठ्या सत्तांना नावे ठेवण्याचा अधिकार गमावला आहे.

हे सर्व राष्ट्रांच्या न्यायाधीशा, आमचे डोळे आधी स्वच्छ कर. मग ज्यांचे कोणी नाव घेत नाही त्यांच्यासाठी बोलण्याचे धैर्य आम्हांला दे. आमेन.