रब्बी नसलेल्यांचे हेडमास्तर

दिवाळीच्या आसपास चितेगावच्या शिवारात ‘रब्बी’ हा शब्द दिवसातून दहा वेळा कानांवर पडतो. रब्बीची ज्वारी, रब्बीचा हरभरा, विहिरीचे पाणी रब्बीला पुरेल का. अरबीत वसंताला ‘रबी’ म्हणतात, तिथून हा शब्द आपल्या शेतात उतरला. मराठीत याच उच्चाराचा दुसरा एक शब्द आहे आणि तो हिब्रूतून आला आहे. त्याचा अर्थ ‘माझे गुरुजी’, ज्यूंचा धर्मपंडित. दोघांचे मूळ निराळे, पण या दुसऱ्या रब्बीचा विचार चितेगावात बसून करावा असे कारण गावाजवळच्या रस्त्यावरच आहे.

छत्रपती संभाजीनगरहून पैठणला निघाले की चौदाव्या किलोमीटरच्या आसपास चितेगाव लागते. कारखाने, मालमोटारी, चहाच्या टपऱ्या. आणि नाथषष्ठीच्या दिवसांत याच रस्त्याने पैठणकडे चाललेल्या दिंड्या. पैठणच्या एकनाथांनी भागवताचा अकरावा स्कंध मराठीत आणला आणि तो ग्रंथ १५७३ साली काशीत पुरा केला. पोथी ज्यांना वाचता येत नव्हती, त्यांच्या घरात ती त्यांच्याच बोलीत जाऊन बसली. पुढे तीनशे वर्षांनी मुंबईतल्या एका शाळामास्तराने हिब्रू प्रार्थनांच्या बाबतीत हेच काम केले. त्यांचे नाव जोसेफ एझेकिएल राजपूरकर. जन्म १८३४, मृत्यू १९०५. मराठी वाङ्मयाच्या इतिहासात त्यांना मिळालेली जागा फार अपुरी आहे.

राजपूरकर बेने इस्रायल होते. हा ज्यू समाज कोकणचा. जहाज फुटून नवगावच्या किनाऱ्याला लागलेले सात पुरुष आणि सात स्त्रिया हे आपले पूर्वज, अशी त्यांची परंपरा सांगते. गावोगाव ते तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून लोक त्यांना शनवार तेली म्हणू लागले. किहीमचा तो किहीमकर, दिव्याचा दिवेकर, राजपुरीचा राजपूरकर. अशी शंभराहून अधिक गावे त्यांच्या आडनावांत आहेत. त्यांची एखादी शाखा घाट चढून इकडे स्थिरावली असती, तर चितेगावकर नावाचे ज्यू कुटुंबही आज असते.

रब्बी मात्र त्यांच्याकडे नव्हता. पिढ्यान्‌पिढ्या नव्हता. ग्रंथ गेले होते, हिब्रू विसरली होती. शनिवारचा शब्बाथ, सुंता, खवल्यांचा आणि परांचाच मासा खाण्याचा नियम, काही उपास आणि ‘शेमा’ ही एक प्रार्थना एवढी शिदोरी उरली होती. जन्म, लग्न, मृत्यू, सगळीकडे तीच एक प्रार्थना. डेव्हिड रहाबी नावाच्या पाहुण्याने बायकांना मासे निवडायला दिले आणि त्यांची निवड पाहून हे लोक ज्यू असल्याचे ओळखले, अशी कथा आहे. रहाबी नेमका कोणत्या शतकातला, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. त्याने काही घराण्यांना शिकवून काजी नेमले. राजपूरकर आणि झिराडकर ही त्यांपैकी दोन घराणी, असे परंपरा सांगते. काजी लग्ने लावत, तंटे सोडवत. गावचा मुकादम असे. गुरूची जागा या साध्या माणसांनी धरून ठेवली होती, हे विसरता येत नाही.

मुंबईतले पहिले प्रार्थनामंदिरही एका शिपाईगड्याने बांधले. कंपनी सरकारच्या फौजेतले सॅम्युएल एझेकिएल दिवेकर म्हैसूरच्या लढाईत टिपूच्या कैदेत सापडले होते. सुटलो तर देवाचे घर बांधीन, हा नवस त्यांनी १७९६ साली फेडला. ‘शाअर हारहमीम’, म्हणजे दयेचे दार. बेने इस्रायल आपल्या प्रार्थनामंदिराला मशीद म्हणत, आणि मसजिद स्टेशनचे नाव याच वास्तूवरून पडले असे सांगतात. दुसऱ्याच वर्षी दिवेकर धर्मग्रंथाच्या गुंडाळ्या आणायला कोचीनला गेले आणि तिथेच वारले.

देवाचे घर झाले. तिथे म्हणायचे काय, याचा अर्थ कुणी सांगायचा? ही उणीव एका परक्या दिशेने भरून निघू लागली. स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये मराठीतून हिब्रूचे व्याकरण काढले. उद्देश धर्मांतराचा होता. बेने इस्रायल मुलांनी हिब्रू शिकून घेतली आणि तिच्या आधाराने ते आपल्याच धर्मात अधिक खोल गेले. १८४६ साली मुंबईत हागादा, म्हणजे वल्हांडणाच्या सणाची पोथी, मराठी भाषांतरासह शिळाप्रेसवर छापली गेली. १८७४ ची पुण्याची हागादा तर डोळे भरून पाहावी अशी. सणाची तयारी करणाऱ्या तिच्यातल्या बायका लुगडी नेसलेल्या आहेत.

राजपूरकर याच घडामोडीतून वर आले. डेव्हिड ससून बेनेव्होलंट इन्स्टिट्यूशन या शाळेचे ते सुमारे चाळीस वर्षे हेडमास्तर होते, शिवाय मुंबई विद्यापीठाचे हिब्रूचे परीक्षक. शाळा बगदादी ज्यू शेठजींच्या पैशांतून उभी राहिलेली, आणि बगदादी मंडळी बेने इस्रायलांना बरोबरीचे मानायला तयार नव्हती. मिन्यानसाठी, म्हणजे सामुदायिक प्रार्थनेला लागणाऱ्या दहा पुरुषांत, त्यांना मोजावे की नाही यावर वाद होत. दफनभूमीत मध्ये भिंत घालावी, अशीही मागणी झाली होती. अशा वातावरणात एक बेने इस्रायल मास्तर रोज वर्ग घेत होता आणि प्रार्थनापुस्तके एकामागून एक मराठीत आणत होता. वीसहून अधिक पुस्तके. सणांच्या प्रार्थना, उपासांच्या प्रार्थना. पान उघडले की तोंडाने म्हणायची ती हिब्रू आणि मनाने समजायची ती मराठी. माझ्या मते रब्बीचे मुख्य काम हेच आहे. ती पदवी त्यांना कुणी दिली नाही, एवढेच.

त्यांच्याच काळात हाईम सॅम्युएल किहीमकर यांनी १८७५ साली समाजाची शाळा काढली. तीच पुढे एली कदूरी यांच्या नावाने ओळखली जाऊ लागली. किहीमकरांनी १८९७ साली लिहून पुरा केलेला समाजाचा इतिहास छापून निघाला तो १९३७ मध्ये, तेल अवीवला. लेखक १९०८ मध्येच गेले होते.

रब्बी नसण्याची किंमत मात्र पुढे मोजावी लागली, आणि तीही वचनभूमीत. इस्रायलला गेलेल्या बेने इस्रायल तरुणांची लग्ने लावण्यापूर्वी त्यांच्या वंशाची मागच्या पिढ्यांपर्यंत चौकशी करा, असा आदेश तिथल्या प्रमुख रब्बीसंस्थेने १९६२ साली काढला. रब्बी नव्हते, म्हणजे घटस्फोट शास्त्रानुसार झाले नसणार, म्हणून संततीविषयी शंका, असा त्यांचा तर्क. शेकडो वर्षे घाणा बंद ठेवून शनिवार पाळणाऱ्यांच्या नातवंडांना हा प्रश्न विचारला गेला. हे आजही वाचवत नाही. लोक जेरुसलेमात धरण्याला बसले. १९६४ च्या ऑगस्टमध्ये तिथल्या संसदेने बेने इस्रायल सर्वार्थाने ज्यू आहेत असे ठरवले, तेव्हा रब्बीसंस्थेला तो आदेश बदलावा लागला. पुढे याच समाजातले रोमिएल डॅनियल न्यूयॉर्कच्या रेगो पार्कमध्ये रब्बी झाले.

महाराष्ट्र सरकारने ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला तो २०१६ साली. तोवर बहुतेक घरे इस्रायलला गेली होती. जाताना त्यांनी पोहे, गूळ, नारळाचा मलिदा नेला, प्रेषित एलियाहू हन्नाबीचे नवस नेले. १९८५ पासून तिथे ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक निघू लागले.

आणि कीर्तनही गेले. मुंबईतल्या बेंजामिन शिमशोन अष्टमकर यांनी हिंदू कीर्तनकारांना ऐकले आणि १८८० च्या सुमारास आपल्या समाजात कीर्तन सुरू केले. आख्याने मोशेची, योसेफाची, एलियाहूची. चाली साकी-दिंडीच्या, ओवीच्या. लिपी न येणाऱ्या आजीलाही योसेफाला भावांनी विकल्याची गोष्ट ऐकून रडू येई, कारण बुवा तिच्याच बोलीत सांगत होता. पैठणच्या वाड्यात नाथांसमोर बसलेल्या श्रोत्यांना ही बैठक अनोळखी वाटली नसती. समोर समई, मध्ये टाळ, बुवाने घेतलेला आलाप, आणि कथा इजिप्तमधल्या विटा थापणाऱ्या गुलामांची.