फुकटचा चित्रपट आणि घरची किल्ली

चित्रपट प्रदर्शित होऊन आठवडाही उलटत नाही, तोच त्याची चोरटी प्रत इंटरनेटवर फिरू लागते. ती डाउनलोड करणाऱ्या तरुणाला हटकले, तर त्याचे उत्तर ठरलेले असते : “यात कोणाचे काय बिघडते? आणि धोका असलाच, तर तो माझा मला.” या उत्तराच्या पहिल्या भागाविषयी आपल्या मनात फारसा संशय नसावा. दुसऱ्याच्या श्रमाचे फळ न विचारता घेणे ही चोरीच होय. सातव्या आज्ञेत संगणकाला सूट दिलेली नाही. दुसरा भाग मात्र सहसा कोणी तपासून पाहत नाही. हा धोका खरोखरच त्याचा एकट्याचा असतो काय?

प्रथम धोक्याचे स्वरूप पाहू. २०१९ च्या जानेवारीत ‘द गर्ल इन द स्पायडर्स वेब’ या चित्रपटाच्या नावाने ‘पायरेट बे’ या संकेतस्थळावरून एक घातक फाइल पसरत असल्याचे उघडकीस आले. दिसायला ती चित्रफीत होती. प्रत्यक्षात ती विंडोजमधील शॉर्टकट होती. ती उघडताच संगणकाला गुपचूप आज्ञा दिल्या जात. मग गूगलवर काही शोधले, की त्यात चोरांनी घुसवलेले दुवे दिसत. विकिपीडियाच्या पानावर देणगी मागणारी खोटी पाटी येई. एखाद्या पानावर बिटकॉइन पाठवण्याचा पत्ता असेल, तर त्या जागी चोराचा पत्ता उमटे. २०२१ च्या डिसेंबरात ‘स्पायडर-मॅन : नो वे होम’च्या नावाखाली आलेल्या एका फाइलीने संगणकाच्या पहारेकऱ्यालाच आपल्याकडे दुर्लक्ष करायला लावले आणि त्या घरची वीज जाळून परक्यासाठी ‘मोनेरो’ हे आभासी चलन मिळवण्याचे काम सुरू केले. अशाच इतर फायली ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड पळवतात, किंवा घरातील सगळ्या कागदपत्रांना कुलूप घालून खंडणी मागतात.

आता हा संगणक कोणाचा, ते पाहू. पुष्कळ घरांत तो एकच असतो. त्यावरच वडिलांच्या निवृत्तिवेतनाचे खाते उघडले जाते, बहिणीची छायाचित्रे असतात, आईच्या शिकवणीला येणाऱ्या मुलांचे पत्ते असतात. यांपैकी कोणीही चोरटा चित्रपट मागितलेला नाही. कित्येकांना तो आणल्याची वार्ताही नसते. स्वतःचा जीव धोक्यात घालणाऱ्याला एक वेळ धाडसी म्हणता येईल. परंतु घरची माणसे झोपलेली असताना दार सताड उघडे टाकून जाणाऱ्याला आपण धाडसी म्हणत नाही.

टॉरंटच्या मार्गाने चित्रपट आणताना आणखी एक गोष्ट घडते. त्या पद्धतीत घेणारा त्याच वेळी देणाराही असतो. आलेले तुकडे त्याचा संगणक लगोलग अनोळखी माणसांना पाठवू लागतो आणि त्याचा आयपी पत्ता त्या सर्वांना दिसू शकतो. म्हणजे “मी केवळ पाहिला, विकला नाही” असे म्हणणारा नकळत वाटणाऱ्यांच्या साखळीत उभा राहिलेला असतो. त्याच्या हातून पुढे गेलेल्या फाइलीत विष असेल, तर ते तिसऱ्याच्या घरात पोहोचते.

एखादा जाणकार म्हणेल, “आम्ही अँटिव्हायरस ठेवतो, फाइलीचे नाव शेवटपर्यंत वाचतो, मग तर हरकत नाही ना?” सावधपणा चांगलाच. परंतु भीतीवर उभारलेली नीती भीती सरताच कोसळते. उद्या सारे धोके नाहीसे झाले, तरी दुसऱ्याचे श्रम लुबाडणे योग्य ठरणार नाही. तिकिटे महाग आहेत, दरमहाची वर्गणी सर्वांना परवडत नाही, हे आम्ही मान्य करतो. पण चित्रपट ही भाकरी नव्हे. तो थोडा उशिरा पाहिला, वा न पाहिला, तर कोणी उपाशी राहत नाही.

आमच्या मते येथील धोका आणि येथील अन्याय यांचे मूळ एकच आहे. चित्रपटगृहाच्या मालकाला नाव आहे, पत्ता आहे. फसवणूक झाली, तर त्याला जाब विचारता येतो. चोरटी प्रत पुढे करणारा जाणूनबुजून निनावी राहतो. ज्याने निर्मात्याचा हक्क जुमानला नाही, तो आपल्या घराची मर्यादा पाळील, असे आपण कोणत्या आधारावर मानावे?

शिवाय अशा वेळी तक्रार करायलाही जीभ रेटत नाही. चोरीचा मामला, हळूच बोंबला! संगणक विचित्र वागू लागला, तरी मुलगा लाजेने गप्प बसतो, आणि त्या मौनाच्या दिवसांतच खाते रिकामे होते. म्हणून आईवडिलांना आमचे सांगणे आहे, की चूक कबूल करण्याची वाट घरात मोकळी ठेवा. असे काही घडल्यास संगणकाचे इंटरनेट ताबडतोब तोडावे, दुसऱ्या यंत्रावरून पासवर्ड बदलावेत, बँकेला कळवावे, आणि पैसे गेले असतील तर १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर विनाविलंब तक्रार नोंदवावी.

आणि पुढच्या वेळी “धोका माझा मला” असे कोणी म्हणालाच, तर त्याच्यावर रागावू नये. त्या संगणकावर घरातील कोणाकोणाचे काय साठवले आहे, याची यादी त्याला स्वतःच्या हाताने लिहायला सांगावी, आणि त्यांतील किती जणांना विचारले होते, एवढेच विचारावे.