वाकडं हाड आणि सातवं अक्षर

मांडीचं हाड मोडलं आणि वाकडं जुळलं, तर अमेरिकेतल्या रुग्णालयाच्या बिलावर त्याची नोंद एस७२.३२१पी अशी काहीतरी होते. एस म्हणजे इजा, ७२ म्हणजे मांडीचं हाड, ३ म्हणजे त्याचा मधला दांडा, २ म्हणजे आडवं मोडून जागचं सरकलेलं, १ म्हणजे उजवं. शेवटचा पी सांगतो की हाड कातडी फाडून बाहेर आलेलं नव्हतं, उपचार पुढच्या टप्प्यात आहेत आणि हाड जुळलंय, पण चुकीचं. मुळीच जुळलं नसतं तर तिथे के आला असता, जुळायला उशीर लागत असता तर जी, सगळं सुरळीत असतं तर डी. १ ऑक्टोबर २०१५ला अमेरिकेने ही पद्धत लागू केली. त्याआधी वाकड्या जुळलेल्या प्रत्येक हाडाला एकच क्रमांक होता, ७३३.८१. मनगट असो की मांडी, डावं असो की उजवं, सगळी एकाच पंगतीला.

म्हणजे नोंद बारकाईची झाली, यात वाद नाही. वाद आहे तो ‘चुकीचं’ या निवाड्याशी. तो कोणी दिला, आणि कशाच्या जोरावर?

हाडापुरतं पाहिलं तर चूक कुठेच नाही. मोडल्या जागी रक्त साकळतं, आधी मऊ आणि मग टणक कॅलस धरतो, महिन्यांमागून महिने तो घडत जातो आणि दोन्ही टोकं एकजीव होतात. देहाने त्याचं काम चोख केलेलं असतं. बिघडलेली असते ती हाडाची दिशा, लांबी किंवा पीळ, आणि हे बिघडलं म्हणायला बाहेरून मोजपट्टी आणावी लागते. ती पट्टीही सर्वांना सारखी लागत नाही. चार-पाच वर्षांच्या मुलाची मांडी मोडली, तर दोन्ही टोकं सेंटिमीटरभर एकमेकांवर चढलेली डॉक्टर चालवून घेतात. त्या वयात मोडलेलं हाड भरून येताना थोडं जास्तच वाढतं आणि बाकही पुढे बराचसा निघून जातो. चाळिशीतल्या माणसाच्या एक्स-रेवर तोच बाक दिसला, तर त्याच डॉक्टरांच्या कपाळाला आठी पडते.

तत्त्वज्ञांनी यावर पुष्कळ शाई खर्च केली आहे. अमेरिकेचे ख्रिस्तोफर बोर्स यांनी १९७०च्या दशकात मांडलं, की रोग ही मतामतांची गोष्ट नाही. त्या प्राणिजातीत, त्या वयाला, अवयव जे काम एरवी करतो त्यात उणेपणा आला की रोग. फ्रान्सचे जॉर्ज कांगिलेम त्याआधीच, १९४३च्या प्रबंधात, वेगळं सांगून गेले होते. सरासरीवरून निरोगीपण ठरत नाही. आपल्या परिसरात नव्याने घडी बसवण्याची जिवाची ताकद किती, यावरून ठरतं. मांडीच्या हाडाच्या बाबतीत कांगिलेम यांचं पारडं जड वाटतं, आणि त्याला कारण आहे पीळ. हाडाचं खालचं टोक आतल्या बाजूला फिरलेलं असताना जुळलं, तर मांडी बाहेर उघडायला अडते. खुर्चीवर बसणाऱ्याला याचा फारसा पत्ता लागत नाही. पण जेवायला पाटावर, भजनाला सतरंजीवर, पूजेला चौरंगापुढे बसणाऱ्याला पहिल्याच दिवशी कळतं, की मांडी घालता येत नाही. हाड तेच, पीळ तेवढाच, अंशही तितकेच. गंमत म्हणजे साध्या एक्स-रेवर हा पीळ नीट दिसत नाही. सीटी स्कॅन काढून दोन्ही मांड्या ताडून पाहाव्या लागतात. आणि बाक असो, आखूडपणा असो की पीळ, पी हे अक्षर सगळ्यांना एकच.

आता हे अक्षर लिहितो कोण, ते पाहू. अमेरिकी रुग्णालयांचं कोडिंग मोठ्या प्रमाणावर भारतात होतं. चेन्नई-हैदराबादेत होतं, तसंच पुण्यात आणि नवी मुंबईतही. तिथल्या टेबलावर बसलेल्या मुला-मुलींना रुग्ण कधी दिसत नाही, दिसतात ते कागद. नैयायिकांनी ज्ञानाची चार प्रमाणं मानली: प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द. कोडरला यातलं एकच मोकळं आहे. एक्स-रे पाहून स्वतः निदान करायचं नाही, म्हणजे प्रत्यक्ष बाद. डॉक्टरांनी ‘वीस अंशांचा बाक राहिला आहे’ एवढंच लिहून ठेवलं, तर त्यावरून ‘चुकीचं जुळलं’ असा निष्कर्षही काढायचा नाही, म्हणजे अनुमान बाद. डॉक्टरांना विचारणा पाठवायची आणि त्यांनी स्पष्ट शब्दांत लिहिलं तरच पी लावायचा. शब्द प्रमाण, पण तोही आप्ताचा. न्यायदर्शनात आप्त म्हणजे जो विषय जाणतो आणि जसा आहे तसा सांगतो. इथे तो मान उपचार करणाऱ्या डॉक्टरांचा.

डॉक्टर गप्प राहिले तर? त्यालाही नियम आहे. जखम उघडी की बंद हे लिहिलं नसेल, तर बंद धरायची. हाड सरकलं की नाही हे लिहिलं नसेल, तर सरकलं असं धरायचं. पहिलं मीमांसक कुमारिल भट्टांच्या अनुयायांनी ओढूनताणून मान्य केलं असतं. दिसायला हवी अशी वस्तू दिसली नाही, म्हणून ती नाही, याला ते अनुपलब्धी म्हणतात आणि स्वतंत्र प्रमाण मानतात. पण उल्लेख नाही म्हणून वस्तू आहे, हे मात्र अमेरिकी नियमावलीचंच धाडस! संशयाचीही अशीच वाटणी. ‘अमुक असावं’ अशी डॉक्टरांची शंका ओपीडीच्या कागदावर असेल तर ती कोडमध्ये येत नाही. रुग्णालयात दाखल झालेल्याच्या डिस्चार्जच्या कागदावर तीच शंका असेल, तर तो रोग झालाच असं समजून नोंद होते.

याला थोतांड म्हणणं सोपं आहे, पण ते अन्यायाचं होईल. हजारो कोडरनी आपापल्या नजरेने एक्स-रे वाचायला सुरुवात केली, तर कुठल्याच आकड्यावर विश्वास ठेवता येणार नाही. शिवाय वर्गवारी नेहमी कुणाच्या तरी कामासाठीच होते. सुश्रुतसंहितेत मोडलेल्या हाडाचे बारा प्रकार आहेत, अश्वकर्ण, चूर्णित, वक्र अशा नावांचे, आणि विषम जुळलेलं हाड पुन्हा मोडून सरळ बसवावं असा सल्लाही आहे. ती वर्गवारी हाड बसवणाऱ्याच्या हातासाठी होती. आजची विमा कंपनीसाठी आणि आकडेवारीसाठी आहे. फसगत होते ती या कामापुरत्या अक्षराला हाडाचं अंतिम सत्य मानलं की. पी हा हाडातला गुण नव्हे. एका जाणकाराने, एका मोजपट्टीने, एका वयाच्या आणि राहणीच्या माणसाबद्दल दिलेला तो निवाडा आहे, आणि ज्याची मांडी मोडली त्याची साक्ष त्या निवाड्यात नोंदवायला जागाच ठेवलेली नाही.

ती जागा दुसऱ्या एका यादीत आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २००१मध्ये माणसाला काय करता येतं आणि काय येत नाही याचं वर्गीकरण मंजूर केलं. त्यात उकिडवं बसण्याला स्वतंत्र क्रमांक आहे, डी४१०१, आणि जमिनीलगतच्या शौचालयाचा उल्लेखही. अमेरिकेत त्या क्रमांकावर बिल निघत नाही.