दिलेलं आणि न दिलेलं

दुपारची जेवणं आटोपली की आमच्या घरी टीव्हीचा ताबा नातवाकडे जातो आणि तो लावतो दक्षिणेकडचे, हिंदीत बोलणारे सिनेमे. मी शेजारी भाजी निवडत बसते. मारामारी सुरू झाली की मान खाली घालायची, गाणं लागलं की वर करायची, असा माझा नेम. एका दुपारी मात्र मेथी तशीच राहिली. सिनेमा होता 'हीरो', 2019 सालचा, मूळ तमिळ. मित्रन यांनी दिग्दर्शित केलेला, शिवकार्तिकेयन नायक. गरीब घरातली एक हुशार मुलगी पेट्रोल न लागणारं इंजिन तयार करते. असे शोध गिळून टाकणारा एक बडा माणूस असतो. कट करून आळ तिच्यावरच घेतला जातो आणि पोरगी जीव देते. मग नायक मुखवटा चढवतो आणि पुढचं तुम्हाला माहीतच आहे, हाडं मोडण्याचे आवाज.

"आजी, त्याने मारलं ते बरोबर केलं ना?" नातवाने विचारलं.

मी सवयीने म्हटलं, "हिंसा ती हिंसाच, बाळा."

"बरं, पण मग आयडिया घेणं ही चोरी असते का? वही तर तिच्याकडेच राहिली ना?"

ह्याचं उत्तर माझ्याकडे तयार नव्हतं. माझी बांगडी कुणी चोरली तर माझा हात रिकामा होतो. माझी कल्पना कुणी नेली तर ती माझ्याही डोक्यात राहतेच. मग नेमकं गेलं काय? (गंमत म्हणजे ह्या सिनेमाची कथाच आपल्याकडून उचलली, असा दावा एका सहाय्यक दिग्दर्शकाने केला होता आणि तिकडच्या चित्रपटलेखकांच्या संघटनेने दोन्ही कथांत साम्य असल्याचं म्हटलं होतं. चोरीविरुद्धच्या सिनेमालाही चोरीचा आळ चुकला नाही.)

आपल्याकडे चोरीला शब्द फार विचार करून दिला आहे. अदत्तादान. न दिलेलं घेणं. त्यात 'लपून' नाही, 'मौल्यवान' नाही, 'दुसऱ्याचा हात रिकामा होईल असं' तर मुळीच नाही. दिलं होतं का, एवढंच बघायचं. शिवाय अचौर्य अणुव्रताचे पाच अतिचार आपण लहानपणी पाठशाळेत घोकले आहेत: चोराला उत्तेजन देणं, चोरीचा माल घेणं, राज्याचे नियम मोडून व्यवहार करणं, मापात मारणं आणि भेसळीचा माल अस्सल म्हणून खपवणं. हे पाचही बाजारातले. म्हणून आपण बायका ते म्हणतो आणि पुढे जातो. दुकान यांचं, तराजू यांचा, आपला काय संबंध?

त्या आठवड्यात माझा भाऊ नागपूरहून आला. दर वर्षीसारखी एचएमटी तांदळाची पिशवी घेऊन. इंदूरला आपण पोह्यांवर आणि गव्हावर जगतो, पण माहेरच्या तांदळाची गोष्ट वेगळी. बारीक दाणा, मोकळा भात, गरम वरणावर वास सुटतो. इतकी वर्षं खाते आहे आणि एचएमटी म्हणजे काय, हे विचारायचं कधी सुचलं नाही. भावाने सांगितलं तेव्हा नातवाच्या प्रश्नाला पाय फुटले.

चंद्रपूर जिल्ह्यात नागभीड तालुक्यात नांदेड नावाचं लहानसं गाव आहे. तिथे दादाजी रामाजी खोब्रागडे नावाचे शेतकरी होते. शिक्षण तिसरीपर्यंत, जमीन दीडेक एकर. 1983 मध्ये त्यांना शेतात धानाच्या काही लोंब्या वेगळ्या दिसल्या. दाण्याचा रंग जरा पिवळसर. शेतात पेरलेलं वाण होतं 'पटेल 3', आपल्याच मध्यप्रदेशातल्या जबलपूर कृषी विद्यापीठाच्या डॉ. पटेलांचं. दादाजींनी त्या लोंब्या वेगळ्या काढून प्लास्टिकच्या पिशवीत जपल्या. पुढच्या वर्षी वेगळ्या पेरल्या, रानडुकरं शिरू नयेत म्हणून भोवती काटे लावले. पुन्हा निवडल्या, पुन्हा पेरल्या. अशी पाच-सहा वर्षं. उतारा चांगला आला, दाणा बारीक, शिजवल्यावर चव उत्तम. मग दुसऱ्या शेतकऱ्यांनी ते बियाणं नेलं. 1990 च्या सुमारास ते धान तळोधीच्या बाजारात आलं, तेव्हा व्यापाऱ्याने विचारलं असणार, वाण कोणतं? नाव कुणी ठेवलंच नव्हतं. तेव्हा एचएमटीच्या मनगटी घड्याळांची चलती होती. व्यापाऱ्याने तेच नाव दिलं आणि तेच चिकटलं.

बघा ना, पटेल 3 ला शास्त्रज्ञाचं नाव, आणि तिसरी शिकलेल्या माणसाच्या तांदळाला घड्याळाचं!

पुढे 1994 मध्ये सिंदेवाहीच्या भात संशोधन केंद्राने प्रयोगासाठी म्हणून त्यांच्याकडून पाच किलो बियाणं नेलं. हे केंद्र अकोल्याच्या पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाचं. 1998 मध्ये विद्यापीठाचं वाण बाजारात आलं, 'पीकेव्ही-एचएमटी'. त्यात दादाजींचं नाव नव्हतं. त्यांनी तक्रार केली तेव्हा विद्यापीठाचं म्हणणं असं पडलं की शेतकऱ्याच्या बियाण्यात मिसळ होती. आम्ही निवड करून शुद्ध वाण तयार केलं, ते आमचंच.

मी आधी संतापले. मग अनेकांत आठवला. बियाणं शुद्ध करणं हेही कामच आहे, त्यालाही वर्षं लागतात, ते खोटं कसं म्हणू? पण अनेकांत म्हणजे दोन्ही बाजू ऐकून हात झटकणं नव्हे. दोन्ही खरं असेल तर पोत्यावर दोन नावं मावली असती. पोतं काही लहान नसतं.

आता अदत्तादानाकडे येते. पाच किलो धान तर दादाजींनी स्वतःच्या हाताने दिलं होतं. मग ते 'न दिलेलं' कसं? इथे मी दोन दिवस अडले. शेवटी स्वयंपाकघरातच उकललं. मी शेजारणीला विरजण देते. तिने त्याचं दही लावावं, श्रीखंड करावं, विकावं, मला आनंदच आहे. पण 'दूध माझं, विरजणही माझंच' असं तिने सांगितलं तर? विरजण मी दिलं होतं. 'विरजण माझं नव्हतं' हे म्हणायची परवानगी नव्हती दिली. दादाजींनी धान दिलं, तेही उदार मनाने, कारण मागेल त्या शेतकऱ्याला ते बियाणं देतच होते. पाच-सहा वर्षं काट्यांची कुंपणं घालून ज्याने ते वेचलं त्याला पुसून टाकायचा हक्क त्यांनी दिला नव्हता. वही मुलीकडेच राहिली, नातवाचं खरंच होतं. गेलं ते दुसरंच काहीतरी.

इथे आपल्यातली एखादी म्हणेल, आणि मीही स्वतःला म्हटलं, की नावाचा एवढा सोस कशाला? मान हा कषायच. अपरिग्रह शिकायचा आणि वर नावासाठी भांडायचं? उत्तर दादाजींच्या पुढच्या कामात सापडलं. ते थांबले नाहीत. त्यांनी आणखीही वाणं काढली आणि ह्या वेळी नावं स्वतः ठेवली: नांदेड-92, नांदेड हिरा, विजय नांदेड. गावाचं नाव. एका वाणाचं नाव डीआरके, म्हणजे त्यांचीच आद्याक्षरं. मला त्यात गर्व दिसत नाही. बियाणं उगवलं नाही तर कुणाच्या दारात जायचं, ते पाकिटावर लिहिलेलं असावं, एवढं त्यात आहे. घड्याळाच्या दारात कोण जाणार?

सन्मान झाले त्यांचे, नाही असं नाही. नॅशनल इनोव्हेशन फाउंडेशनचा पुरस्कार 2005 मध्ये राष्ट्रपती कलाम यांच्या हस्ते मिळाला. 2010 मध्ये 'फोर्ब्स'ने ग्रामीण उद्योजकांच्या यादीत नाव घातलं. राज्य सरकारकडून सुवर्णपदक मिळालं. अडचणीच्या काळात ते विकायला काढलं तेव्हा सोनं अस्सल नसल्याचं निघालं, आणि त्याच्या बातम्या झाल्या. ते वाचताना पाठशाळेतला पाचवा अतिचार आठवून अंगावर काटा आला. भेसळीचा माल अस्सल म्हणून देणं. 3 जून 2018 रोजी गडचिरोलीच्या शोधग्राममधल्या रुग्णालयात ते गेले. हाताशी फारसं काही नव्हतं. 2001 चा कायदा शेतकऱ्याला स्वतःच्या वाणाची नोंदणी करण्याचा हक्क देतो, पण 1994 मध्ये पाच किलो देणाऱ्या माणसाला तो कायदा काय कामाचा होता?

सिनेमातला नायक मुखवटा चढवतो. दादाजी शेतात परत गेले. तिसरा एक मार्ग अमेरिकेतल्या रॉबर्ट कर्न्स यांचा. लग्नाच्या रात्री शॅम्पेनच्या बाटलीचं बूच डोळ्यावर बसून ह्यांची एका डोळ्याची दृष्टी गेली. पुढे पापणीच्या उघडझापीवरून त्यांना कल्पना सुचली की गाडीचं वायपरही असंच थांबून थांबून चालावं. त्याचं पेटंट घेतलं, मोटार कंपन्यांना दाखवलं, आणि मग कंपन्यांच्या गाड्यांवर तसलेच वायपर दिसू लागले. 1978 मध्ये त्यांनी फोर्डवर दावा लावला. पैसे मिळाले 1990 मध्ये, एक कोटी डॉलरहून थोडे जास्त. क्रायस्लरविरुद्ध ते वकिलांशिवाय स्वतःच उभे राहिले आणि जिंकले. तोवर संसार मोडला होता. त्यांच्यावर सिनेमाही निघाला आहे. मला त्यांच्या बायकोचा विचार येतो. जेवणाच्या टेबलावर कोर्टाची कागदपत्रं आणि समोर वायपरशिवाय दुसरं न बोलणारा माणूस. न्याय मागणं कुठे संपतं आणि कषाय कुठे सुरू होतो, ती रेघ त्यांनाही दिसली नसेल. पण त्यांना वेडं म्हणायला माझी जीभ वळत नाही. सगळेच गप्प बसले असते तर घेणाऱ्यांना घेतल्याचं कधी कळलंच नसतं.

गप्प बसायला शिकवतात ते बहुतेक आपल्याला, बायकांना. 'जाऊ दे, क्षमा कर.' क्षमावाणीला मी हे इतक्यांदा ऐकलं आहे आणि इतक्यांदा बोलले आहे. पण क्षमावाणीत आधी कुणी तोंड उघडायचं असतं? ज्याने घेतलं त्याने. आपण मात्र जिचं गेलं तिलाच आधी क्षमा करायला लावतो, मग ज्याने नेलं तो निवांत.

आता मी हे दुसऱ्यांवर लिहिते आहे तर माझंही सांगायला हवं.

पुष्कळ वर्षांपूर्वी दशलक्षण पर्वात मला महिला मंडळात आर्जव धर्मावर बोलायला सांगितलं. काय बोलावं सुचत नव्हतं. त्याच आठवड्यात ओळखीतल्या एका काकूंकडे बसले होते. काकू शिवण करायच्या. हातातलं पोलकं उलटं करून त्या सहज म्हणाल्या, "सरळ बाजूने सगळ्याच शिवणी चांगल्या दिसतात गं. उलट्या बाजूने जिची शिवण साफ, ती खरी. आर्जव म्हणजे तेच." मी ते उचललं आणि बोलले. वीस मिनिटांच्या व्याख्यानात लोकांना लक्षात राहिलं तेवढंच. नंतर कितीजणींनी हात धरून सांगितलं, किती छान उदाहरण सुचलं तुम्हाला! मी हसले. काकू पहिल्या रांगेत होत्या. त्याही हसल्या. बोलायचं होतं आर्जवावर, कपट नको म्हणून, हे ध्यानात घ्या.

क्षमावाणीच्या दिवशी त्यांच्यासमोर हात जोडले. "कळत-नकळत काही चुकलं असेल तर क्षमा करा." त्यांनीही तेच म्हटलं. कळत-नकळत! मला तर स्वच्छ कळत होतं. ते दोन शब्द किती सोयीचे आहेत, काही म्हणजे काहीच उघड करावं लागत नाही. पुढच्या वर्षी सांगू म्हटलं, मग राहिलं, मग काकू गेल्या.

एचएमटीची ती पिशवी संपायच्या आत पुन्हा दशलक्षण आलं आणि योगायोगाने आर्जवच माझ्याकडे आलं. ह्या वेळी शिवणीचं उदाहरण दिलं आणि सांगितलं की हे माझं नव्हे. मागे ह्याच मंडळात मी ते माझं म्हणून खपवलं होतं, ते अमुक काकूंचं. नाव घेतलं. बोलताना घसा कोरडा पडला, दोघी-तिघींनी एकमेकींकडे बघितलं, पण निभावलं. शेवटच्या रांगेत काकूंची सून बसली होती. कार्यक्रम संपल्यावर जवळ आली. डोळे ओले होते.

"मामी, बरं केलंत," ती म्हणाली. "पण आई सांगायच्या, ते त्यांच्या आईचं होतं. त्याही शिवण करायच्या."

मी विचारलं, "त्यांचं नाव काय होतं?"

ती जरा थांबली. तिला ठाऊक नव्हतं. नणंदेला फोन करून विचारते म्हणाली. अजून काही तिचा निरोप आला नाही.