कल्याणचा बिशप आणि निनेवेचे वारस

तानसा नदी गणेशपुरीच्या उष्ण कुंडांजवळून ज्या मुलखात वाहते, त्याच्या एका अंगास सोपारा आणि दुसऱ्या अंगास कल्याण अशी दोन प्राचीन बंदरे होती. भीमेश्वराच्या आणि नित्यानंदस्वामींच्या दर्शनास येणाऱ्या भाविकांपैकी फार थोड्यांना ठाऊक असेल की, सहाव्या शतकात कॉस्मस नावाच्या अलेक्झांड्रियाच्या व्यापाऱ्याने ‘कल्लियाना’ या बंदरात इराणातून नेमलेला एक बिशप असल्याचे लिहून ठेवले आहे, आणि बहुतेक अभ्यासकांच्या मते ते बंदर म्हणजे आपले कल्याणच होय. पुढे 1321 साली चार फ्रान्सिस्कन साधू ठाण्यात मारले गेले, तेव्हा ते उतरले होते ते एका नेस्टोरियन कुटुंबाच्या घरी. आणि पुढे त्यांच्या अस्थी घेऊन गेलेल्या ओदोरिक या प्रवाशाने अशा ख्रिस्ती लोकांची पंधरा घरे ठाण्यात असल्याची नोंद केली. त्यानंतर ही घरे इतिहासाच्या दप्तरातून जवळजवळ नाहीशीच होतात.

नेस्टोरियन हे नाव विरोधकांनी दिलेले. ते लोक आपल्या धर्मसंस्थेस ‘पूर्वेचे चर्च’ म्हणत. तिची उपासना सिरियाक भाषेत चाले, आणि एकेकाळी तिचा विस्तार तैग्रिसच्या काठापासून मलबारपर्यंत आणि चीनपर्यंत होता. उत्तर इराक, तुर्कस्तानची आग्नेय सीमा आणि इराणातील उर्मिया सरोवराचा परिसर येथील त्याच परंपरेतील लोक आज स्वतःस असिरियन म्हणवितात आणि प्राचीन असिरियन साम्राज्याचा वारसा सांगतात.

यावर पंडितांचा आक्षेप असा की, त्या साम्राज्याची राजधानी निनेवे इसवी सनापूर्वी 612 मध्ये पडली आणि असिरियन राजांचे शिलालेख अक्कादी भाषेत आहेत, तर हे लोक बोलतात ती अरामी. मग वारसा कसला? आक्षेप अर्धाच खरा आहे. त्या साम्राज्याच्या अखेरच्या काळातच अरामी ही राजधानीपासून रयतेपर्यंत सर्वांच्या तोंडी रुळली होती, पुढे इराणी बादशहांच्या कचेऱ्यांतून ती चालली, आणि कंदाहारला अशोकाने जो द्विभाषिक लेख कोरविला त्यातील एक भाषा ग्रीक, तर दुसरी अरामीच आहे. म्हणजे राजांची भाषा मेली, पण त्यांच्या प्रजेची भाषा तीन सहस्रके टिकली. पेशवाई बुडाली म्हणून मराठी माणूस संपला नाही, हे ज्याला कळते त्याला या लोकांचा हक्क कळावयास अडचण नसावी. कारण लोकसमूहाची ओळख रक्ताच्या वंशावळीने सिद्ध होत नसून, ज्या भाषेत आई मुलास रागावते आणि वृद्ध मनुष्य मरणसमयी प्रार्थना करतो, त्या भाषेच्या अखंडतेने सिद्ध होते, असे माझे स्पष्ट मत आहे. या लोकांतच कोणी स्वतःस खाल्दियन, कोणी सिरियाक, तर कोणी अरामी म्हणतो; हा मतभेद त्यांच्या घरातला आहे आणि त्याचा निवाडा परक्यांनी करण्याचे कारण नाही.

या ओळखीची किंमत त्यांनी फार दिली. पहिल्या महायुद्धात ऑटोमन मुलखातील त्यांची गावेच्या गावे कत्तलीत उजाड झाली. उरलेले निर्वासित होऊन इराकात आले, आणि इराक स्वतंत्र होऊन वर्षही उलटले नव्हते तोच 1933 च्या ऑगस्टमध्ये सिमेले येथे सैन्याने त्यांचा संहार केला. पूर्वेच्या चर्चचे तरुण प्रमुख मार शिमून एशाय यांचे नागरिकत्व काढून घेऊन त्यांस हद्दपार करण्यात आले, आणि त्यांची गादी कित्येक दशके शिकागोस राहिली; ती मायदेशी, म्हणजे इराकातील एर्बिलला परतली ती 2015 नंतरच. त्याच सुमारास, 2014 साली, निनेवेच्या मैदानातून हजारो कुटुंबांना पुन्हा परागंदा व्हावे लागले होते.

या वारशाचा एक धागा मुंबईशीही जुळतो. इंग्रज उत्खननकार लेयार्ड याने इराकातील निमरूद येथे उकरून काढलेली शिल्पे मुंबईमार्गे विलायतेस गेली, आणि प्राचीन असिरियन राजवाड्यांचे काही शिल्पपट आजही मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहेत. त्या दगडांपुढे आपण आदराने उभे राहतो. परंतु ते घडविणाऱ्यांचे वारस जिवंत आहेत, याची जाणीव फारच थोड्यांना असते. केरळातील त्रिशूरचे एक चर्च आजही पूर्वेच्या चर्चच्याच परंपरेत आहे. ठाणे जिल्ह्याचा स्थानिक इतिहास लिहिणाऱ्यांनी आणि तो शाळेत शिकविणाऱ्यांनी कल्याणच्या त्या बिशपास व ठाण्याच्या त्या पंधरा घरांस त्यात स्थान द्यावे, अशी माझी विनंती आहे.