भोक नसलेला टोरस

'टोरस म्हणजे डोनटसारखा आकार' हे उत्तर गणिताच्या वर्गात खपून जातं. येरवड्यातल्या डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्व विभागात ते खपणार नाही. मानवी हाडांचा अभ्यास करणाऱ्याच्या हातात कवटी असते, तिच्यावर तो टोरस दाखवतो, आणि त्या टोरसला ना वळसा असतो ना भोक. डोळ्यांच्या खोबण्यांच्या वर, या कानशिलाकडून त्या कानशिलाकडे आडवा गेलेला हाडाचा जाड कंगोरा, एवढंच ते असतं.

हा कंगोरा किरकोळ गोष्ट नव्हे. 5 डिसेंबर 1982 रोजी भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे अरुण सोनकिया यांना मध्य प्रदेशात नर्मदेच्या काठी, हथनोरा गावाजवळ, एका प्राचीन मानवाच्या कवटीचा वरचा भाग सापडला. ती कवटी 'होमो इरेक्टस'ची की आपल्याच जातीच्या एखाद्या जुन्या शाखेची, यावर पुढे बराच वाद झाला. त्या वादात ज्या खुणांचा कीस पाडला गेला, त्यांत भुवईवरचा हा टोरस होता. आजच्या माणसाच्या कपाळावर असा सलग, जाड कंगोरा नसतो. म्हणजे इथे टोरस हा शब्द आकाराचं वर्णन करण्यापुरता येत नाही. तो पुरावा म्हणून साक्षीला उभा राहतो.

हाडांच्याच शास्त्रात आणखी टोरस आहेत. काही जणांच्या टाळूच्या मध्यरेषेवर हाडाचा उंचवटा असतो. जीभ वर लावली की लागतो. काहींच्या खालच्या जबड्याला आतून, जिभेच्या बाजूला, गाठीसारखे उंचवटे असतात. दोघांनाही टोरसच म्हणतात. ते निरुपद्रवी असतात आणि दंतवैद्याला ते अडतात ते कवळी बसवताना. पुरातत्त्वात मात्र त्यांची नोंद हटकून ठेवतात. शिरूर तालुक्यात घोड नदीकाठच्या इनामगावला डेक्कन कॉलेजने 1968 पासून उत्खनन केलं, तेव्हा अडीचशेहून अधिक दफनं उजेडात आली. अशा हाडांतून माणसांची ओळख काढायची तर मोजमापांबरोबर असे बारीकसारीक उंचवटेही पाहावे लागतात. यांतल्या एकालाही भोक नाही.

मग डोनट कुठून आला? खरं तर तो फार उशिरा आला. लॅटिनमध्ये टोरस म्हणजे फुगवटा, स्नायूचा उभार, उशी, बसायची-लोळायची गादी. इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात विट्रुव्हियस या रोमन वास्तुतज्ज्ञाने स्थापत्यावरच्या आपल्या ग्रंथात खांबाच्या तळाशी असलेल्या गोलसर, फुगीर थराला हा शब्द वापरला. ॲटिक पद्धतीच्या खांबाच्या पायथ्याला असे दोन थर असतात, खालचा रुंद, वरचा अरुंद, आणि मधे आत गेलेली खोबण. दगड कठीण असला तरी नजरेला वाटतं, की खांबाचा भार येऊन काहीतरी मऊ दबलं आणि बाहेर फुगलं. शब्दातली उशी ती हीच. हा थर खांबाभोवती फिरतो म्हणून गोल दिसतो, पण मधली जागा रिकामी नसते. तिथे दगडच असतो.

आपल्याकडच्या देवळांनी तर ही गोलाईही आवश्यक ठेवली नाही. दक्षिणी शिल्पपरंपरेत मंदिराच्या अधिष्ठानात, म्हणजे जोत्यात, एक गोलसर फुगीर थर असतो. त्याचं नाव कुमुद. इंग्रजीत लिहिणारे कलेतिहासकार त्याला सरळ टोरस म्हणतात. हा थर भिंतीच्या पायाशी सरळ रेषेत धावतो, कोपऱ्यावर वळतो, पुन्हा सरळ धावतो. वर्तुळ नाही, भोक नाही, तरी टोरस आहे. कारण वास्तुशास्त्रात महत्त्व छेदाला आहे. थर कापून पाहिला तर कड अर्धगोल दिसते, आणि वास्तुतज्ज्ञाचं तेवढ्यानेच भागतं.

वनस्पतिशास्त्राने लॅटिनमधली गादी उचलली. देठाच्या टोकाशी जो फुगीर भाग असतो, ज्यावर पाकळ्या, पुंकेसर, स्त्रीकेसर बसतात, तो फुलाचा टोरस. शाळेच्या मराठी पुस्तकात तो 'पुष्पाधार' म्हणून भेटतो. कमळाच्या मधोमध जो चाळणीसारखा शंकू दिसतो, तो पुष्पाधारच.

याच शास्त्रात सूक्ष्मदर्शकाखाली दुसरा टोरस दिसतो, आणि तो डोनटच्या अगदी उलट आहे. चीड-देवदारासारख्या झाडांच्या लाकडात पाणी वर नेणाऱ्या लांबट पेशी एकमेकींना खेटून असतात. दोन पेशींमधल्या भिंतीत बारीक खाच असते आणि त्या खाचेत एक पडदा. पडद्याची कड विरळ, जाळीदार; पाणी तिच्यातून झिरपतं. मधोमध मात्र जाडसर चकती. या चकतीचं नाव टोरस. एखाद्या पेशीत हवा शिरली की दाबातल्या फरकाने पडदा एका बाजूला ओढला जातो, चकती खाचेच्या तोंडावर जाऊन बसते आणि हवा शेजारच्या पेशीत पसरत नाही. पाण्याचा स्तंभ तुटून झाड वाळू नये, यासाठीची ही झडप. डोनट मधे रिकामा आणि कडेला भरीव. हा टोरस मधे भरीव आणि कडेला विरळ.

आता गणिताकडे येऊ, कारण सगळा बोलबाला तिथलाच आहे. गणितज्ञाला उशीचं काही पडलेलं नाही. त्याचा टोरस म्हणजे नुसता पृष्ठभाग. आतला गर धरायचा तर तो वेगळं नाव देतो. आणि त्या पृष्ठभागातही जाडी किती, वक्रता किती हे संस्थितीशास्त्रात, म्हणजे टोपॉलॉजीत, मोजलंच जात नाही. मोजतात ते एक भोक. कानाच्या कपाचा पृष्ठभाग आणि टोरस एकच, कारण न फाडता, न चिकटवता एकाचं दुसरं करता येतं. त्याही पुढे जाऊन, मोबाइलवरच्या ज्या खेळात उजव्या कडेने बाहेर गेलेला साप डाव्या कडेने आत येतो आणि वरून गेलेला खालून येतो, ती सपाट चौकटही गणिताच्या हिशेबी टोरस. तिथे फुगवटाच उरला नाही. लॅटिन शब्दाचा मूळ अर्थ होता तो पूर्ण गळाला, आणि ज्या भोकाचा त्या अर्थाशी काही संबंध नव्हता ते गाभ्याशी येऊन बसलं.

भौतिकशास्त्राने या भोकाचं सोनं केलं. 1885 मध्ये गणितज्ञ ऑन्री पोंकारे यांनी दाखवलं, की गोलाच्या पृष्ठभागावर कुठेही शून्य न होणारा सलग प्रवाह आखता येत नाही; कुठे ना कुठे तो थांबतोच. टोरसवर तसा प्रवाह आखता येतो. अणूंचं संमीलन घडवायला वायू कोट्यवधी अंशांना तापवून प्लाझ्मा करावा लागतो. फ्रान्समध्ये उभ्या राहणाऱ्या 'इटर' प्रकल्पाचं, ज्यात भारतही भागीदार आहे, लक्ष्य 15 कोटी अंश सेल्सिअसचं आहे. कुठलंही भांडं ते सोसणार नाही. म्हणून प्लाझ्मा चुंबकीय क्षेत्रात बांधून ठेवतात, आणि त्या क्षेत्राला थांबा नसावा म्हणून भट्टीचा आकार टोरस. सोव्हिएत शास्त्रज्ञांनी या यंत्राला टोकामाक नाव दिलं. गांधीनगरच्या प्लाझ्मा संशोधन संस्थेत 'आदित्य' हा टोकामाक 1989 मध्ये सुरू झाला. गोल घेतला असता तर प्लाझ्मा निसटायला वाट राहिली असती. इथे भोक ही सोय नव्हे, अट आहे.

खगोलशास्त्रज्ञांचा टोरस आणखी निराळा. सक्रिय दीर्घिकेच्या केंद्रातल्या महाकाय कृष्णविवराभोवती धुळीचं जाड कडं आहे, ते आडवं आलं तर केंद्र झाकतं आणि वरून पाहिलं तर केंद्र दिसतं, अशी मांडणी गेल्या शतकाच्या अखेरीस रुजली. एकाच जातीच्या दीर्घिका दोन जातींच्या का भासतात, याचं उत्तर तिने दिलं. पुढे बारीक निरीक्षणं झाली तेव्हा ही धूळ ढगाढगांनी विखुरलेली निघाली, काही ठिकाणी तर कड्याच्या पातळीत नसून ध्रुवांच्या दिशेने पसरलेली. तरी शब्द राहिला आहे. तो आता आकार सांगत नाही, आडोसा सांगतो.

कवटीवर पुरावा, खांबाखाली उशी, फुलात बैठक, लाकडात झडप, गणितात भोक, भट्टीत बंदिस्त वाट, आकाशात आडोसा. या सगळ्यांत समान असं एकही लक्षण काढता येत नाही. कुणी म्हणेल, हा परिभाषेतला गोंधळ आहे. शास्त्रात एका शब्दाला एकच अर्थ हवा. मला हे मान्य नाही. यातला एकही अभ्यासक आपल्या कामात गोंधळलेला नाही. दंतवैद्य कवळीचं माप घेताना भट्टीचा विचार करत नाही. अर्थाचा नेमकेपणा शब्दाच्या पोटात नसतो. कोण, कुणाशी, कुठलं काम करताना बोलतो आहे, यातून तो येतो. शास्त्रीय शब्दही बाकीच्या शब्दांसारखेच वापराने घडतात. फक्त त्यांचा वापर काटेकोर असतो.

हे पटलं तर मराठी परिभाषेच्या एका जुन्या सवयीकडे नव्याने पाहावं लागतं. महाराष्ट्राचं भाषा संचालनालय 1960 मध्ये स्थापन झालं आणि त्याने विषयवार परिभाषा कोश काढले. विषयवार काढले हे फार चांगलं केलं. एकाच शब्दाचे शास्त्रागणिक वेगळे पर्याय होऊ शकतात, हे त्यात गृहीत धरलेलं आहे. पण कोशाची घडण अशी, की एका बाजूला इंग्रजी शब्द, दुसऱ्या बाजूला मराठी. दोहोंच्या मधे वाक्य नाही. हा शब्द कोण कशासाठी वापरतं, हे वाचणाऱ्याला कळत नाही. मग भाषांतरकार इंग्रजी कोशात पाहतो, पहिला अर्थ डोनटचा सापडतो, आणि कवटीवरच्या कंगोऱ्याला 'वलय' म्हणून मोकळा होतो.

वास्तविक मराठीजवळ या बाबतीत माल कमी नाही. कुमुद आहे, पुष्पाधार आहे, कंगोरा आणि उंचवटा आहेत. लॅटिनने एका पिशवीत भरलेल्या गोष्टी आपल्या कारागिरांनी आणि पाठ्यपुस्तकं लिहिणाऱ्यांनी आधीच वेगवेगळ्या कप्प्यांत लावून ठेवल्या आहेत. लॅटिन टोरसच्या सर्वांत जवळ जाणारी वस्तू तर बांधकामावर रोज दिसते: चुंबळ. घमेलं उचलण्याआधी बाई जुन्या लुगड्याचा तुकडा पिळते, पीळ गोल गुंडाळते, टोक आत खोचते आणि डोक्यावर ठेवते. मऊपणा भार सोसतो, मधला खळगा घमेल्याचं गोल बूड धरून ठेवतो. उशी आणि भोक हे दोन्ही अर्थ एका कामात एकत्र येतात ते इथेच. म्हणून गणितातल्या टोरसला चुंबळ म्हणावं, असं माझं म्हणणं नाही. तिथे टोरस हाच शब्द बरा. तो रुळला आहे आणि सापाचा खेळ खेळणाऱ्या सपाट चौकटीला चुंबळ म्हणणं कुणाला जमणार नाही.

यावर एक वजनदार आक्षेप आहे. प्रत्येक शास्त्राला आपला वेगळा शब्द दिला तर शास्त्रांमधली ये-जा तुटते. उदाहरण हाडांचंच घ्या. लहान मूल हातावर पडतं, मनगटाजवळचं हाड दाबलं जातं, पण कोवळं असल्याने मोडत नाही. बाहेरची भिंत फक्त फुगते. क्ष-किरण चित्रात तो फुगवटा खांबाच्या पायथ्यासारखा दिसतो, म्हणून त्याला 'टोरस फ्रॅक्चर' नाव पडलं. दुखापत साधी असते, आधारपट्टीने काही आठवड्यांत भरून येते. पण हे नाव सुचलं, ते वैद्यकाला वास्तुकलेतला शब्द आपला वाटला म्हणून. कुमुद हा शब्द मराठी डॉक्टरच्या कानावर कधी पडलाच नसेल, तर त्याला असं काही सुचेल कसं?

आक्षेप खरा आहे. त्याला उत्तर एका शब्दाचा हट्ट धरून मिळत नाही. शब्दांबरोबर त्यांची वाक्यं जपली तर मिळतं. आणि ही पद्धत येरवड्यातच, त्याच आवारात, 1948 पासून चालू आहे. सुमित्र मंगेश कत्रे यांनी तेव्हा डेक्कन कॉलेजात संस्कृतच्या ऐतिहासिक महाकोशाचं काम सुरू केलं. वेदांपासून अलीकडच्या काळापर्यंतचे सुमारे दीड हजार ग्रंथ वाचून, व्याकरण, वैद्यक, गणित, वास्तू अशा नाना शास्त्रांतून जवळजवळ एक कोटी चिठ्ठ्या तयार झाल्या. चिठ्ठीवर शब्द, तो ज्या वाक्यात आला ते वाक्य आणि ग्रंथाचा पत्ता. अर्थ नंतर ठरतो, चिठ्ठ्या कालक्रमाने लावून. पहिला खंड अ. मा. घाटगे यांच्या संपादनाखाली 1976 मध्ये आला. इतके खंड निघाले तरी 'अ' अजून संपलेला नाही. कोश 'क'पर्यंत पोहोचेल तेव्हा कुमुद हा शब्दही येईल. तेव्हा रात्री उमलणारं फूल, एक दिग्गज, रामायणातला एक वानर आणि देवळाच्या जोत्यातला थर हे सगळे एका शब्दाखाली, आपापल्या वाक्यांसकट शेजारी बसतील. गोंधळ होणार नाही, कारण प्रत्येक अर्थाच्या हातात त्याचा दाखला असेल.

मराठी परिभाषेला एवढा पसारा नको. तिला सत्तर वर्षं लागू नयेत आणि एक कोटी चिठ्ठ्याही लागणार नाहीत. पण नव्या परिभाषा कोशात प्रत्येक शब्दासमोर, त्या शास्त्रात प्रत्यक्ष काम करणाऱ्याने लिहिलेलं एक मराठी वाक्य असावं, आणि तोच इंग्रजी शब्द इतर शास्त्रांत काय काम करतो त्याचा निर्देश असावा. असा कोश संगणकावर ठेवायला, दरवर्षी सुधारायला आज अडचण नाही. अडचण आहे ती वाक्य लिहून देणाऱ्यांची. प्लाझ्मावर, लाकडाच्या पेशींवर, कवट्यांवर काम करणारी मराठी माणसं पुण्यात पुष्कळ आहेत. आपलं काम मराठीत एका वाक्यात सांगण्याची वेळ त्यांच्यावर क्वचित येते. परिभाषा अडते ती शब्दांच्या तुटवड्याने नव्हे, या वाक्यांच्या तुटवड्याने. समिती नेमून शब्द मिळतात. वाक्य हवं असेल तर काम करणाऱ्यालाच विचारावं लागतं.